अपत्याचा ताबा (पुणे परिसर)

पती-पत्नी विभक्त झाल्यावर अज्ञान अपत्य कोणाजवळ राहील आणि दुसऱ्या पालकाने त्याला कधी, कुठे भेटावे, याविषयीचा न्यायालयीन निर्णय. बोलीत ‘कस्टडी’. ताबा आणि पालकत्व वेगळे: मूल आईजवळ राहत असले, तरी वडील कायद्याने पालक असू शकतात.

कायदा : पाया पालक व पाल्य अधिनियम, १८९० चा. हिंदूंपुरता त्याला हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम, १९५६ जोडला गेला. त्याच्या कलम ६ ने नैसर्गिक पालकाचा मान आधी बापाला, ‘त्याच्यानंतर’ आईला दिला. पाच वर्षांखालील मूल मात्र सामान्यतः आईजवळ ठेवले. कलम १३ ने मुलाचे हित सर्वांत वरचे मानले. या दोन कलमांची ओढाताण पुढे न्यायालयांनीच मिटवत आणली. मुसलमान, ख्रिस्ती व पारशी कुटुंबांस आपापल्या व्यक्तिगत कायद्यांतील तरतुदीही लागू होतात.

निर्णय : कोवळ्या वयाच्या मुलाला आईची जागा घेणारे दुसरे कोणी सापडणे अशक्यप्राय, असा अभिप्राय मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती ब्यूमाँट यांनी १९५६ च्या कायद्याआधीच दिला होता. विदर्भातील कूळकायद्याच्या वादातून उद्भवलेल्या गजरे विरुद्ध पठाणखान (१९७०) प्रकरणात वडील हयात होते, पण वीसहून अधिक वर्षे वेगळे राहणारी आईच मुलीची जमीन पाहत होती. सर्वोच्च न्यायालयाने तिलाच नैसर्गिक पालक मानले. मुलाच्या नावे रिझर्व्ह बँकेचे रोखे घेताना वडिलांच्या सहीचा आग्रह झाला, म्हणून लेखिका गीता हरिहरन न्यायालयात गेल्या. १९९९ च्या निकालाने ‘नंतर’ म्हणजे मृत्यूनंतरच नव्हे, तर वडिलांच्या अनुपस्थितीतही, असा अर्थ लावला.

परदेशस्थ मराठी कुटुंबांसाठी जोशी विरुद्ध उंदे (१९९७) महत्त्वाचा. अमेरिकेत जन्मलेले मूल वर्षाचेही नसताना आईने भारतात आणले. तिकडच्या न्यायालयाने ताबा वडिलांना दिला. परदेशी आदेश हा विचारात घ्यायचा एक मुद्दा आहे, मुलाच्या हिताहून मोठा नाही, असे म्हणत सर्वोच्च न्यायालयाने बारा वर्षांहून अधिक काळ इथे वाढलेले मूल आईजवळच ठेवले. मुलांच्या अपहरणासंबंधीच्या १९८० च्या हेग करारात भारत सामील नाही.

कार्यपद्धती : कौटुंबिक न्यायालय अधिनियम १९८४ चा, महाराष्ट्रातले पहिले कौटुंबिक न्यायालय १९८९ मध्ये पुण्यात सुरू झाले. ते आता शिवाजीनगरला आहे. प्रकरण आधी विवाह समुपदेशकाकडे जाते. वकील देणे हा पक्षकाराचा हक्क नाही. न्यायालयाची परवानगी लागते, आणि ती सहसा मिळते. समजत्या वयाच्या मुलाची पसंती न्यायाधीश विचारात घेऊ शकतात, मात्र ती बंधनकारक नसते. आदेशात बहुधा आठवड्याची भेट, दिवाळी व मे महिन्याच्या सुटीची वाटणी आणि व्हिडिओ कॉलची वेळ ठरवलेली असते. अंतिम आदेशावर ३० दिवसांत उच्च न्यायालयात अपील करता येते.

सूस : पाषाण-बाणेरला लागून असलेले मुळशी तालुक्यातील हे गाव २०२१ मध्ये पुणे महापालिकेत आले. हिंजवडीच्या नोकऱ्यांसाठी राज्यभरातून आलेली जोडपी या पट्ट्यात राहतात, म्हणून पत्त्याचा प्रश्न इथे हमखास उद्भवतो. १८९० च्या कायद्याप्रमाणे अर्ज मूल ‘सामान्यतः राहते’ तिथल्या न्यायालयात करायचा. आई मुलाला घेऊन सोलापूरच्या माहेरी गेली, तर सूसची शाळा आणि शेजार जमेस धरायचा की सोलापूरचे नवे बिऱ्हाड, यावर वाद होतो. उत्तर त्या त्या प्रकरणाच्या पुराव्यावर ठरते.

संयुक्त ताबा : दोन्ही पालकांनी मिळून मूल सांभाळण्याच्या या पर्यायाची विधी आयोगाच्या २५७ व्या अहवालात (२०१५) शिफारस आहे, पण त्यावर मते भिन्न आहेत.

ताब्याचा आदेश कायमचा नसतो. परिस्थिती पालटली की कोणताही पालक तो बदलून मागू शकतो. अपत्याला १८ वर्षे पूर्ण झाली की आदेश संपतो.