समुद्रात बुडवलेला चित्रपट आणि ‘फिनलंडचा व्हॅलेंटिनो’

१९२९ साली हेलसिंकीत दोन तरुणांनी एक मूकपट पूर्ण केला. दिग्दर्शकाचे वय १९, नायकाचे अवघे १६. नाव ‘मुस्तात सिल्मात’, म्हणजे ‘काळे डोळे’. आज हा चित्रपट पाहता येत नाही. तो ना युद्धात जळाला, ना गोदामात कुजला. काम मनासारखे उतरले नाही, म्हणून या दोघांनीच पुढे त्याची निगेटिव्ह समुद्रात बुडवून टाकली.

दिग्दर्शक होता वालेंतिन वाला आणि नायक तेओदोर तुगाई. चित्रपटाच्या इतिहासात हा नायक ‘तेउवो तुलिओ’ या नावाने ओळखला जातो. ते नाव त्याने नंतर घेतले आणि त्या नावाने केलेले काम अभिनयाचे नव्हते.

तुगाईचा जन्म १९१२ साली सेंट पीटर्सबर्गचा. रशियन क्रांतीनंतरच्या उलथापालथीत तो लहानपणीच फिनलंडला आला. वाला हेलसिंकीतच जन्मलेला. पण त्याचेही मूळ आडनाव इवानॉफ. नुकत्याच स्वतंत्र झालेल्या आणि १९१८च्या यादवी युद्धातून पोळून निघालेल्या या देशात रशियन वळणाचे नाव घेऊन वावरणे सुखाचे नव्हते. अशा दोन मुलांनी त्या देशाच्या चित्रपटाला नवा चेहरा द्यावा, हा योग लक्षात ठेवण्याजोगा आहे.

त्या वेळचा फिनिश चित्रपट म्हणजे मुख्यतः एर्की कारू यांनी १९१९ साली उभी केलेली ‘सुओमी-फिल्मी’ ही संस्था. तिचे मन रमे ते खेड्यात: शेतावरची घरे, नदीतून ओंडके वाहून नेणारे मजूर, लग्नाच्या वराती. १९२३चा ‘नुम्मिसूतारित’ हा आलेक्सिस किवी यांच्या नाटकावर बेतलेला मूकपट त्या परंपरेचे उत्तम फळ मानला जातो. नट बहुधा रंगभूमीवर मुरलेले असत. पडद्यावरही त्यांचे हातवारे शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकापर्यंत पोहोचण्याच्या बेताचे असत.

तुगाईपाशी रंगभूमीचा अनुभव नव्हता. त्याच्यापाशी होते काळेभोर केस, धारदार नाक आणि कॅमेऱ्याकडे निर्भयपणे रोखलेली नजर. पहिला चित्रपट फसल्यावर दोघांनी त्याच वर्षी ‘मुस्तालाइसहुरमाया’ काढला. रोमा भटक्यांच्या तांड्यातला मनमोहक तरुण, त्याच्यावर भाळलेल्या स्त्रिया, मत्सर, मिलन-विरहाचा खेळ: कथानकात नवे काही नव्हते. रोमा लोकांचे त्यातले चित्रण तर निव्वळ शहरी कल्पनाविलास होता. तरीही चित्रपट लोकांनी उचलून धरला. रुडॉल्फ व्हॅलेंटिनो जाऊन तीनच वर्षे झाली होती. तुगाईला ‘फिनलंडचा व्हॅलेंटिनो’ ही उपाधी मिळाली ती याच काळात. मूकपटाचा एक लाभ असा, की पडद्यावरच्या माणसाचे उच्चार कुणाला ऐकू येत नाहीत. परका चेहरा तिथे आकर्षण ठरतो, परकी जीभ अडसर ठरत नाही.

१९३१चा ‘लावेआता तिएता’ या जोडीला भटक्यांच्या तांड्यातून आधुनिक शहरात घेऊन आला. पण त्याच वर्षी फिनलंडच्या पडद्याला वाचा फुटली. १९३३चा ‘सिनिनेन वार्यो’ हा गुन्हेगारीपट झाला आणि जोडी फुटण्याच्या मार्गाला लागली. वाला ‘सुओमी-फिल्मी’त गेला. तिथे १९३५ साली ‘काइक्की राकास्तावात’मधून त्याने ताउनो पालो आणि आन्सा इकोनेन ही जोडी प्रथम एकत्र आणली. पुढे फिनलंड ज्यांच्यावर जीव टाकणार होता, ते हेच दोघे. देशाला आता आपल्याच मातीतला, गाणारा-बोलणारा नायक मिळाला होता.

तुगाई पडद्यावरून उतरला आणि कॅमेऱ्यामागे गेला. ‘आडाम्स-फिल्मी’साठी १९३६ ते १९३८ या काळात त्याने तीन चित्रपट दिग्दर्शित केले. त्यांतला ‘नुओरेना नुक्कुनुत’ हा एफ. ई. सिलानपॅ यांच्या कादंबरीवर आधारित होता. या लेखकाला १९३९ साली नोबेल पारितोषिक मिळाले. नायिका होती रेगिना लिनानहेइमो. तिचे नाव पुढे तुलिओच्या नावाशी कायमचे जोडले गेले.

हे तिन्ही चित्रपट १९५९ साली लागलेल्या आगीत गेले. त्या काळची फिल्म नायट्रोसेल्युलोजची असे. जळताना ती स्वतःच प्राणवायू पुरवते, त्यामुळे पाण्याखालीही विझत नाही. पहिला चित्रपट त्याने आपल्या हाताने पाण्याला दिला होता, हे तीन न विचारता अग्नीने नेले. फिनलंडचे चित्रपट-अभिलेखागार १९५७ साली स्थापन झाले होते. या तीन चित्रपटांना त्याचा उपयोग झाला नाही.

उरलेल्या चित्रपटांतला तुलिओ पाहिला, तर आत दडलेला नट लगेच ओळखू येतो. १९४६च्या ‘राक्काउदेन रिस्ती’मध्ये कॅमेरा लिनानहेइमोच्या डोळ्यांपाशी इतका जवळ जातो आणि इतका वेळ थांबतो, की समंजस समीक्षकांना ते अतिरेकी वाटे. आवरते घेणे त्याला कधी जमलेच नाही. मूकपटातल्या नटाला चेहऱ्यावरच सारी कथा पेलावी लागते. तोच हिशेब तो बोलपटातल्या नटांकडून वसूल करत राहिला. एकाच कथेकडे तो पुन्हा पुन्हा वळे. पुश्किनच्या ‘स्टेशनमास्तर’वरून केलेला हाच चित्रपट त्याने १९७३ साली ‘सेन्सुएला’ या नावाने, रंगीत करून, लॅपलंडच्या पार्श्वभूमीवर पुन्हा काढला. तो साफ कोसळला. त्यानंतर तुलिओने एकही चित्रपट केला नाही.

२००० साली, वयाच्या ८७व्या वर्षी त्याचे निधन झाले. ‘मुस्तालाइसहुरमाया’ मात्र शाबूत आहे. त्यात सतराच्या घरातला, नाव अजून न बदललेला तेओदोर तुगाई एकही शब्द न बोलता हसताना दिसतो.