नगररचनेसाठी भूसंपादन व कूळहक्क (बीड जिल्हा)

नगराच्या विकास योजनेतील रस्ता, शाळा, बाजार, उद्यान यांसारख्या सार्वजनिक प्रयोजनासाठी खाजगी जमीन कायद्याने घेणे, म्हणजे नगररचनेसाठी भूसंपादन होय. अशा शेतजमिनीवर पुष्कळदा दोन हक्क असतात : अधिकार अभिलेखात नाव असलेल्या मालकाचा व प्रत्यक्ष कसणाऱ्या कुळाचा. बीड जिल्ह्यात बीड, अंबाजोगाई, परळी, माजलगाव, गेवराई व धारूर या नगरांभोवतीच्या जमिनींच्या बाबतीत या दोन हक्कांचे नाते निजामी राजवटीतील जमीनधारणा, १९५० चा कूळकायदा आणि १९६६ चा नगररचना अधिनियम यांतून क्रमाक्रमाने घडत गेले. भरपाई कोणाला मिळावी, या प्रश्नाचे उत्तर त्यामुळे बहुधा संपादनापूर्वी कित्येक वर्षे झालेल्या महसुली नोंदीवर अवलंबून राहते.

पूर्वेतिहास : बीड जिल्हा १९४८ पर्यंत हैदराबाद संस्थानात होता. खालसा मुलखात सरकारात धारा भरणारा तो पट्टेदार व त्याच्या हाताखाली जमीन धारण करणारा तो शिकमीदार, असा भेद होता. त्याखेरीज जहागिरी व इनामे होती. फसली १३५४ (१९४४–४५) च्या आसामी शिकमी अधिनियमाने कुळांना काही संरक्षण देण्याचा प्रयत्न झाला. पोलीस कारवाईनंतर १९४९ मध्ये जहागिरी नष्ट झाल्या. १९५४ च्या इनाम निर्मूलन अधिनियमातून मात्र धार्मिक व धर्मादाय संस्थांची इनामे वगळण्यात आली. नगरांलगतच्या अशा जमिनींच्या संपादनात संस्था, तिचा सेवेकरी व कसणारा असे तीन दावेदार उभे राहू शकतात, ते यामुळेच.

कूळकायदा : हैदराबाद कूळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९५० अन्वये विहित कालखंडात सलग सहा वर्षे जमीन कसणारे कूळ ‘संरक्षित कूळ’ ठरले. त्याचा हक्क वंशपरंपरागत असून त्यास जमीन विकत घेण्याचाही अधिकार मिळाला. १९५४ च्या दुरुस्तीने घातलेल्या कलम ३८-ई अन्वये, शासनाने अधिसूचित केलेल्या क्षेत्रात ठराविक मर्यादेपर्यंतची मालकी संरक्षित कुळाकडे हस्तांतरित करण्याची तरतूद झाली. मराठवाडा १ नोव्हेंबर १९५६ रोजी मुंबई राज्यात आला, तरी हाच अधिनियम तेथे चालू राहिला. वहिवाट सिद्ध करताना १९५४-५५ चे खासरा पत्रक हा या भागातील एक महत्त्वाचा पुरावा मानला जातो. बटईने किंवा ठोक्याने तोंडी करारावर जमीन कसणाऱ्याचे नाव मात्र कागदोपत्री क्वचितच येते.

संपादन व भरपाईची वाटणी : संस्थानात फसली १३०९ चा स्वतंत्र भूसंपादन अधिनियम होता; १९६४ च्या राज्य अधिनियमाने १८९४ चा केंद्रीय अधिनियम या भागास लागू झाला. त्यात भरपाईचा हक्क केवळ मालकाला नसून प्रत्येक ‘हितसंबंधित व्यक्ती’ला होता आणि ताबेदारासही नोटीस देणे आवश्यक होते. तथापि, मालक व कूळ यांच्यातील वाटणीचे ठराविक प्रमाण अधिनियमाने घालून दिले नाही. मालकी हस्तांतरित झालेल्या कुळास मालक म्हणून भरपाई मिळे; मालकी न मिळालेल्या संरक्षित कुळास हितसंबंधाच्या प्रमाणात वाटा मिळे; वाद झाल्यास कलम ३० अन्वये प्रकरण जिल्हा न्यायालयाकडे जाई. नोंद नसलेल्या बटईदारास आपला हितसंबंध प्रथम सिद्ध करावा लागे.

आरक्षण : महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ अन्वये नगरपालिका विकास योजनेत जमीन आरक्षित करते. प्रत्यक्ष संपादन पुष्कळदा अनेक वर्षे लांबते. दरम्यान जमीन आरक्षणाविरुद्ध वापरता येत नाही आणि तिला योग्य गिऱ्हाईकही मिळत नाही. यावर उपाय म्हणून कलम १२७ मध्ये, दहा वर्षांत संपादन न झाल्यास मालकाला किंवा हितसंबंधित व्यक्तीला नोटीस देता येते व विहित मुदतीत कार्यवाही न झाल्यास आरक्षण व्यपगत होते. ही मुदत मूळची सहा महिन्यांची होती. ती २००९ मध्ये बारा व २०१५ मध्ये चोवीस महिने झाली. कलम १२६ अन्वये रोख भरपाईऐवजी हस्तांतरणीय विकास हक्क घेता येतो. पट्ट्याने जमीन धारण करणारासही तो मिळू शकतो. मात्र मालकाच्या हितसंबंधाचे मूल्य त्याने मालकास द्यावे लागते.

याच अधिनियमातील नगररचना परियोजनेत मूळ भूखंड एकत्र करून त्यांची नव्याने विभागणी होते. मूळ भूखंडावरील हक्क शक्य असल्यास नव्या भूखंडावर जातात, अन्यथा नष्ट होतात. शेतीचा पट्टा मात्र सर्व पक्षांच्या संमतीशिवाय नव्या भूखंडावर नेता येत नाही. कुळाचा जमिनीशी असलेला संबंध येथे संपतो व त्याचा दावा भरपाईपुरता उरतो.

नगराची हद्द व कूळकायदा : नागरी, अकृषिक वा औद्योगिक विकासासाठी राखीव म्हणून अधिसूचित केलेले क्षेत्र १९५० च्या अधिनियमातून वगळता येते. मुंबई राज्याच्या १९४८ च्या कूळकायद्यातही अशा सवलती होत्या. त्यांपैकी पुण्याच्या नगर हद्दीतील जमिनीसंबंधीच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्ये असा निर्णय दिला, की पूर्वीच्या कायद्याखाली संरक्षित कुळास प्राप्त झालेले हक्क नव्या कायद्यातील वगळणुकीने नष्ट होत नाहीत. नगर वाढत असता कुळाचा हक्क केव्हा निर्माण झाला, या प्रश्नाला म्हणूनच निर्णायक महत्त्व येते.

अलीकडील स्थिती : १ जानेवारी २०१४ पासून अंमलात आलेल्या भूसंपादन अधिनियमाने राज्याच्या कायद्यांखालील कुळांना व कोणत्याही नावाने ओळखल्या जाणाऱ्या बटईदारांना हितसंबंधित व्यक्ती मानले. तसेच संपादनापूर्वी तीन वर्षे त्या जमिनीवर उपजीविका करणारी कुळे व शेतमजूर यांचा बाधित कुटुंबांत समावेश केला. दिलासा रक्कमही ३० टक्क्यांवरून १०० टक्के केली. कसणाऱ्याचा हक्क अशा रीतीने तत्त्वतः व्यापक झाला. तथापि, बटईची तोंडी वहिवाट चालू आहे तेथे तो हक्क सिद्ध करण्याचा भार आजही कसणाऱ्यावरच पडतो.