एआरेंडिलची वंशावळ

जे. आर. आर. टॉल्किन यांनी कल्पिलेल्या मध्यभूमीच्या आकाशात पहाटे आणि तिन्हीसांजेला एक तेजस्वी तारा दिसतो. आपल्या शुक्राच्या चांदणीची जागा तिथे त्याने घेतली आहे. त्याचे नाव एआरेंडिल. तो दगडमातीचा गोळा नाही, आकाशात विहरणारे एक गलबत आहे. त्यावर कपाळी रत्न बांधलेला दर्यावर्दी उभा आहे आणि त्या रत्नाची प्रभा खालच्या जगाला तारा म्हणून दिसते. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ वाचणाऱ्याला हा सारा एका लेखकाच्या प्रतिभेचा खेळ वाटणे स्वाभाविक आहे. पण या ताऱ्याची वंशावळ त्या कादंबरीहून हजार वर्षांपेक्षाही जुनी आहे. तिचा माग काढत आपण मागे जाऊ लागलो, तर पहिला मुक्काम प्राचीन इंग्लंडमधल्या मठांत पडतो.

तिथल्या भिक्षूंनी लॅटिनचे अर्थ आपल्या बोलीत देणाऱ्या शब्दसूच्या केल्या होत्या. त्यांत प्रभात आणि प्रभा अशा अर्थांच्या शब्दांपुढे ‘एआरेंडेल’ हा शब्द आढळतो. पुढे दहाव्या शतकात प्राचीन इंग्रजी कवितांचे एक थोर हस्तलिखित तयार झाले. बिशप लिओफ्रिक यांनी ते एक्झिटरच्या कॅथेड्रलला दिले आणि आजही ते तिथेच आहे. त्यातल्या ख्रिस्तागमनाच्या स्तोत्रांत एआरेंडेलला माणसांच्या जगाकडे आलेला तेजोदूत म्हणून आळवले आहे. त्याच शतकातल्या एका प्रवचनात हे नाव बाप्तिस्मा देणाऱ्या योहानाला दिलेले दिसते. सूर्याआधी पहाटतारा यावा, तसा ख्रिस्ताआधी योहान आला, हा त्यामागचा विचार. म्हणजे नाव होते, तेज होते, वर्दी देण्याचे कामही होते. मात्र हा एआरेंडेल मुळात कोण होता, याची कथा इंग्लंडात कुठेच उरली नव्हती.

कथेचा एक तुकडा उत्तरेकडे, आइसलँडमध्ये तगून राहिला. १२२०च्या सुमारास स्नोरी स्टुर्लुसन यांनी जुन्या नॉर्स देवकथा गद्यात बांधल्या. त्यांत थॉर हा देव ऑरवांडिल नावाच्या वीराला टोपलीत घालून, पाठीवरून बर्फाळ नद्यांपार आणतो. टोपलीबाहेर राहिलेले वीराच्या पायाचे एक बोट गोठते. थॉर ते मोडून आकाशात भिरकावतो आणि त्याचा तारा होतो. ही वार्ता थॉर सांगतो ती ऑरवांडिलच्या बायकोला, ग्रोआला. थॉरच्या डोक्यात रुतलेला दगडाचा तुकडा ती मंत्र म्हणून सैल करत असते. नवरा लवकरच घरी येणार, हे ऐकून तिला इतका हर्ष होतो की ती मंत्रच विसरते आणि तुकडा कायमचा रुतून राहतो. स्नोरींच्या थोडे आधी, १२००च्या सुमारास, डेन्मार्कच्या साक्सो ग्रामाटिकस यांच्या इतिहासग्रंथात हेच नाव होर्वेंडिल या रूपात येते. इथे आकाशाशी काही संबंध उरलेला नाही. हा होर्वेंडिल आमलेथचा बाप आहे आणि आमलेथ म्हणजे शेक्सपिअरच्या हॅम्लेटचा पूर्वज. जर्मनीत ओरेंडेल हा समुद्रावर गलबत फुटलेला राजपुत्र झाला. तारा, बाप, दर्यावर्दी असे विखुरलेले हे भाऊबंद याकोब ग्रिम यांनी १८३५ साली प्रसिद्ध झालेल्या जर्मन पुराणकथांवरील ग्रंथात एकत्र आणले.

आता आपण १९१४च्या सप्टेंबरात येऊ. महायुद्धाला तोंड फुटून दोन महिनेही झालेले नाहीत. ऑक्सफर्डचा बावीस वर्षांचा विद्यार्थी टॉल्किन नॉटिंगहॅमजवळच्या गेडलिंग गावी मावशीच्या शेतघरी उतरला आहे. एक्झिटरच्या हस्तलिखितातल्या त्या नावाने त्याला झपाटले होते. या शब्दाच्या सौंदर्याने आपल्याला कसे वेधले, हे त्याने पुढे १९६७ मधल्या एका पत्राच्या मसुद्यात सविस्तर लिहिले आहे. गेडलिंगला त्याने एक कविता लिहिली. तीत एआरेंडेलची नौका पश्चिमेच्या कडेवरून आकाशात झेपावते आणि पहाटेच्या उजेडात विझून जाते. मित्र जेफ्री बाख स्मिथ याने कवितेचा अर्थ विचारला, तेव्हा तो मलाही अजून ठाऊक नाही, शोधून काढतो, अशा आशयाचे उत्तर टॉल्किनने दिले. मला ही या वंशावळीतली सर्वांत मोलाची घटना वाटते. हाती आलेले अपुरेपण त्याने ओळखले आणि ते पूर्ण करण्याचे काम अंगावर घेतले. स्मिथ १९१६ साली फ्रान्समध्ये युद्धात कामी आला. टॉल्किनचा शोध मात्र आयुष्यभर चालू राहिला.

सुरुवातीच्या त्या नौकेला ना हेतू होता, ना रत्न. १९१६ नंतरच्या कथांत त्या दर्यावर्द्याला आईबाप आणि उद्ध्वस्त झालेले जन्मनगर मिळाले. १९३०च्या सुमाराच्या मसुद्यात पत्नी एल्विंग पक्षिणीच्या रूपात सिल्मारिल हे रत्न घेऊन त्याच्याकडे येते. त्याच्या तेजात तो देवभूमी गाठतो आणि एल्फ व माणसे या दोन्ही कुळांसाठी दयेची याचना करतो. त्यानंतर त्याचे गलबत आकाशात चढवले जाते. मठातल्या स्तोत्रातला दूत आणि ओरेंडेलचा समुद्र असे इथे पुन्हा एका देहात नांदू लागले. १९५४-५५च्या कादंबरीत एआरेंडिलचे गाणे त्याच्याच मुलाच्या, एल्रॉन्डच्या, घरी गायले जाते. त्या ताऱ्याचा प्रकाश एका कुपीत भरून कथानायक फ्रोडोला दिला जातो. तो जवळ असताना फ्रोडोचा सोबती सॅम याच्या ध्यानात येते की आपण त्या जुन्याच कथेत आहोत, ती संपलेलीच नाही. टॉल्किन १९७३ साली गेले. ताऱ्याची कथा त्यांचे पुत्र ख्रिस्तोफर यांनी १९७७ साली ‘द सिल्मारिलियन’मधून वाचकांपुढे ठेवली.

यानंतर हे नाव पुन्हा खऱ्या आकाशात गेले. मार्च २०२२ मध्ये ब्रायन वेल्च आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी हबल दुर्बिणीतून टिपलेल्या एका अतिदूरच्या ताऱ्याची घोषणा केली. त्याचा प्रकाश आपल्यापर्यंत यायला १२.९ अब्ज वर्षे लागली. वाटेतल्या दीर्घिकासमूहाच्या गुरुत्वाकर्षणाने तो हजारो पटींनी वाढवला, म्हणूनच तो दिसू शकला. विश्वाच्या पहिल्या अब्ज वर्षांतल्या या प्रकाशाला संशोधकांनी नाव दिले एआरेंडेल. तो एकटा तारा आहे की ताऱ्यांचा दाट पुंज, याची चर्चा अजून चालू आहे. ऑरवांडिलच्या बोटापासून हबलच्या छायाचित्रापर्यंत प्रत्येक पिढीला हे नाव अपुरे मिळाले आणि प्रत्येकीने त्यात आपल्या परीने भर घातली. नवे जग निर्माण करणारी प्रतिभा शून्यातून काही आणत नाही. पूर्वजांनी अर्धवट सोडलेला प्रश्न ती आपला मानते आणि पुढच्यांना शोधण्याजोगे काही शिल्लक ठेवून जाते.