शनिवार तेली : ज्यू अस्मिता आणि अर्थव्यवहार

‘ज्यू म्हणजे पैसा’ हे समीकरण साहित्याच्या विद्यार्थ्याला बहुधा शायलॉककडून मिळते आणि पुढे विचारवंत त्यावर शिक्कामोर्तब करतात. ज्यूचा ऐहिक देव पैसा, अशा आशयाची मांडणी मार्क्सने १८४४ मधील ज्यू प्रश्नावरील निबंधात केली. झोम्बार्टने १९११ मधील ग्रंथात आधुनिक भांडवलशाहीच्या घडणीचे मोठे श्रेय (की दोष?) ज्यूंच्या धर्मवृत्तीला दिले. या वादातले झोम्बार्टचे प्रतिस्पर्धी माक्स वेबर. भारतीय धर्मांविषयी लिहिताना त्यांनी जैनांची तुलना ज्यूंशी केली आणि पश्चिमेतील ज्यूंपेक्षाही जैन हा अधिक निखळ व्यापारी पंथ ठरवला. अंतरिक्ष पार्श्वनाथाच्या शिरपुरात, जिथे गावाच्या नावातच ‘जैन’ आहे, हे विधान क्षणभर पटतेही. पण कोल्हापूर-सांगलीकडे पिढ्यान् पिढ्या नांगर धरणारे जैन शेतकरी आठवले की ते डळमळते. ज्यूंविषयीचे समीकरण तर आपल्या कोकणातच मोडते.

अलिबाग, पेण, रोहे, चौल, नवगाव या टापूतले बेने इस्राएल सावकार नव्हते. ते तेली होते. घाण्याला बैल जुंपायचा, तेल काढायचे, ते विकायचे आणि जोडीला जमेल तशी शेती करायची, हा त्यांचा संसार. आडनावे गावांवरून पडलेली : पेणकर, रोहेकर, किहिमकर, दिवेकर. भाषा मराठी. शेमा ही प्रार्थना, सुंता, खवले-पर नसलेले मासे वर्ज्य मानणे आणि शनिवारी काम न करणे एवढ्या मोजक्या खुणांवर त्यांनी आपले वेगळेपण शतकानुशतके राखले. शेजाऱ्यांनी त्यांना नाव दिले ‘शनिवार तेली’. हे नाव आम्हांला फार बोलके वाटते. त्यात धंदा आहे आणि धर्मही आहे. पण धंदा धर्मातून निघालेला नाही. उलट धर्माने धंद्यातला आठवड्याचा एक दिवस काढून घेतला आहे. झोम्बार्टला अभिप्रेत असलेली नफ्याची धर्मप्रेरणा शोधायची तर ती या बंद घाण्यात कुठे शोधायची?

मग युरोपातले समीकरण आले कुठून? तिथे अनेक प्रदेशांत ज्यूंना जमीनधारणेची मनाई होती, कारागिरांच्या श्रेणींचे दरवाजे बंद होते आणि चर्चने ख्रिस्ती माणसाला व्याज घेण्यास बंदी केली होती. जो व्यवहार इतरांना निषिद्ध, तोच ज्यूंसाठी मोकळा राहिला आणि पुढे तोच त्यांचा स्वभाव ठरवला गेला. तरीही पूर्व युरोपातले बहुसंख्य ज्यू शिंपी, कारागीर, फेरीवाले असे गरीबच होते. कोकणात अशी बंदी नव्हती, तिथे जातिव्यवस्था होती. तिने या मंडळींना हाकलले नाही. तेल्याची पायरी दिली आणि त्या पायरीवर बसवून ठेवले. बेने इस्राएलांतही ‘गोरे’ आणि ‘काळे’ असे बेटीव्यवहार तोडणारे भेद होते, हेही विसरता येत नाही.

अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून ही कुटुंबे मुंबईकडे सरकू लागली. कंपनीच्या सैन्यातील सामाजी हसाजी दिवेकर यांनी १७९६ मध्ये तिथले पहिले सिनेगॉग उभारले. पुढच्या पिढ्या सुतारकामात, कारकुनीत, रेल्वेत शिरल्या. हाईम सॅम्युएल किहिमकर यांच्या पुढाकाराने १८७५ मध्ये समाजाची शाळा निघाली. ही प्रगतीच होती. पण तिची किंमत होती. घाणा स्वतःचा असतो, तो शनिवारी थांबवता येतो. कचेरी आणि गिरणी साहेबाच्या घड्याळावर चालते आणि साहेबाचा विसाव्याचा दिवस रविवार. शहरात आलेल्या अनेकांना शनिवारी कामावर जावे लागले. आधुनिक अर्थव्यवस्थेने ज्यू अस्मितेचे काय केले, याचे उत्तर आम्हांला झोम्बार्टच्या ग्रंथापेक्षा या कारकुनाच्या शनिवारात अधिक सापडते.

त्याच मुंबईत १८३० च्या दशकात बगदादहून डेव्हिड ससून आले. अफू आणि कापसाच्या व्यापारावर या घराण्याने वैभव उभे केले. पुण्याचे रुग्णालय आणि मुंबईची गोदी आजही ते नाव सांगतात. ससूनांच्या गिरण्यांत बेने इस्राएलही काम करीत. म्हणजे एका धर्माचे दोन समाज, एक मालक आणि एक चाकर. बगदादी मंडळींनी या मराठी धर्मबंधूंच्या रक्तशुद्धीविषयी शंका घेतल्या, दफनभूमीतही अंतर राखू पाहिले. युरोपातला ज्यू परक्यांच्या संशयास पात्र ठरला तो पैशामुळे. कोकणातला ज्यू आपल्यांच्याच संशयास पात्र ठरला. त्या संशयात घाण्याच्या पायरीचा वाटा नव्हता, असे आम्हांला म्हणवत नाही.

१९४८ नंतर मोठ्या संख्येने बेने इस्राएल इस्रायलला गेले. दिमोना, बेर्शेबा, अश्दोद, लोद अशा गावी वसले, अनेकजण कारखान्यांत लागले. तिथे शनिवारची सुट्टी मागावी लागत नव्हती, ती सरकारी होती. पण १९६२ मध्ये तिथल्या मुख्य धर्मपीठाने विवाहापूर्वी त्यांच्या वंशाची चौकशी करण्याचे फर्मान काढले. हा समाज त्याविरुद्ध रस्त्यावर उतरला. १९६४ मध्ये संसदेने ते सर्वार्थाने ज्यू असल्याचे जाहीर केले आणि फर्मानातून त्यांचे नाव वगळले गेले. इकडे महाराष्ट्र शासनाने ज्यूंना अल्पसंख्याक दर्जा दिला तो २०१६ मध्ये, तोवर कोकणातली बहुतेक घरे रिकामी झाली होती.