‘अंशकालीन’ या शब्दाची जात

शाळा भरण्याआधी वर्ग झाडणारी, पिण्याचे पाणी भरणारी, खिचडी शिजवणारी, संडास धुणारी बाई शाळेची कोण लागते? सरकारी कागदावर ती कर्मचारी नाही. ती अंशकालीन आहे, रोजंदारीवर आहे, मानधनावर आहे, फार तर मदतनीस आहे. ‘नोकर’ म्हणायचे टाळून काम मात्र वीस वीस वर्षे करून घ्यायचे, ही युक्ती आपल्या समाजाला नवी नाही.

१८७४ च्या वतन कायद्याखाली महार हा सरकारी कामाला बांधलेला होता. काम सरकारचे, पण तिजोरीतून पगार नाही; गावाने खळ्यावर टाकलेले बलुते आणि वतनाचा जमिनीचा तुकडा एवढाच मोबदला. १९२८ मध्ये बाबासाहेबांनी मुंबई विधिमंडळात वतन दुरुस्तीचे विधेयक मांडले, तेव्हा त्यांचा मुद्दा केवळ अपमानाचा नव्हता, तो नोकरीच्या अटींचा होता. कामाचे तास ठरलेले नाहीत, दिवसा-रात्री केव्हाही हाक येते, वतनदार हजर नसेल तर घरातल्या दुसऱ्याला धरून नेतात, आणि पगार म्हणावा असे काही मिळत नाही. विधेयक पुढे मागे घ्यावे लागले. कनिष्ठ ग्रामवतने कायद्याने रद्द व्हायला १९५८ उजाडले. तोवर संविधानात अनुच्छेद २३ येऊन वेठबिगारीला बंदी झाली होती. शाळेतल्या अंशकालीन कामगाराचा खटला ज्यांना नुसता ‘सर्व्हिस मॅटर’ वाटतो, त्यांनी हा इतिहास शेजारी ठेवून तो वाचावा.

१९८२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एशियाडच्या बांधकाम मजुरांच्या प्रकरणात किमान वेतनापेक्षा कमी मजुरी म्हणजे वेठच, असे सांगितले. त्याच वर्षी रणधीर सिंग प्रकरणात समान कामाला समान वेतन हे तत्त्व मान्य झाले. १९९० मध्ये धारवाडच्या रोजंदारी कामगारांच्या खटल्यात त्यांना कायम करण्याची योजना राबवायला लावली. या वळणावर कोर्ट कामगाराच्या बाजूने झुकलेले दिसते.

मग १० एप्रिल २००६ चा उमादेवी निकाल आला. कर्नाटकचेच प्रकरण, पाच न्यायाधीशांचे घटनापीठ. सार्वजनिक नोकरी सर्वांना खुली असली पाहिजे. जाहिरात, निवड यांशिवाय आत आलेल्याला केवळ बरीच वर्षे काम केले म्हणून कायम करता येणार नाही, असे या पीठाने ठरवले. अपवाद एकच ठेवला: मंजूर पदावर, पात्रता असलेला, कोर्टाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षे राबलेला माणूस सरकारने एकदाच नियमित करावा.

इथे आपल्यातले स्पर्धा परीक्षेची तयारी करणारे तरुण थांबतात, आणि त्यांचे थांबणे खोटे नाही. मागच्या दाराने भरती झाली की बिंदुनामावली बुडते, आरक्षण बुडते. साहेबांच्या भाच्याला कंत्राटी लिपिक करून नंतर कायम करणे हा प्रकार आपण पाहिलेला आहे. पण झाडूवालीला त्याच तागडीत तोलता येत नाही. तिला मागचे दार कुणी उघडून दिले नव्हते. त्या कामासाठी रांगेत दुसरे कुणी नव्हतेच. झाडू आणि संडासाच्या कामात बिनलिखित आरक्षण शंभर टक्के आहे आणि त्याविरुद्ध कुणी याचिका करत नाही. समतेचे अनुच्छेद १४ आणि १६ तिच्याविरुद्ध वापरले जातात, तिला कामाला लावणाऱ्या अधिकाऱ्याला मात्र कुणी विचारत नाही.

उमादेवीनंतरचे निकाल वाचताना हेच टोचते. २०११ मध्ये राजस्थानातल्या विद्यार्थी वसतिगृहांतले अर्धवेळ स्वयंपाकी आणि चौकीदार हरले. २०१४ मध्ये तामिळनाडूच्या शाळांतले अर्धवेळ झाडूवाले हरले. कारण दोन्हीकडे साधारण एकच: तुम्ही अर्धवेळ, मंजूर पदावर नाही. म्हणजे पद मंजूर करायचे नाही हे सरकारने ठरवायचे, आणि पद नाही म्हणून हक्क नाही हेही सरकारनेच कोर्टात सांगायचे.

महाराष्ट्राकडे यावर एक वेगळे हत्यार होते. १९७१ च्या कामगार कायद्याच्या चौथ्या अनुसूचीतील सहावी बाब सांगते की, कायमपणाचे फायदे नाकारण्याच्या हेतूने कामगाराला वर्षानुवर्षे बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरते ठेवणे ही अनुचित प्रथा आहे. २००९ मध्ये कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटनेने एसटीच्या सफाई कामगारांसाठी हीच बाब घेऊन सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढत दिली आणि जिंकली. उमादेवीमुळे औद्योगिक न्यायालयाचा अधिकार संपत नाही, असे तिथे ठरले. अट एवढीच की पद अस्तित्वात हवे. आपल्या संघटनेच्या नावाचा हा निकाल आपल्याच तरुणांना माहीत नसतो.

पुढे २०१६ मध्ये जगजित सिंग प्रकरणात तात्पुरत्यांना नियमित वेतनश्रेणीचे किमान वेतन मान्य झाले. २०२० मध्ये अलाहाबाद उच्च न्यायालयाने महिना १,००० रुपयांवर माध्यान्ह भोजन शिजवून घेणे म्हणजे अनुच्छेद २३ चा भंग, असे म्हटले. २०२१ मध्ये चंडीगडच्या टपाल कार्यालयातले अर्धवेळ सफाई कामगार पुन्हा हरले. आणि २० डिसेंबर २०२४ ला केंद्रीय जल आयोगाच्या फरीदाबाद कार्यालयात झाडलोट आणि बागकाम करणाऱ्यांच्या जग्गो प्रकरणात न्या. विक्रम नाथ आणि न्या. प्रसन्न वराळे यांनी ‘अर्धवेळ’ हे लेबल बाजूला सारून त्यांना नियमित केले. उमादेवी निकाल कामगारांविरुद्ध शस्त्रासारखा वापरला जातो, हे खुद्द सर्वोच्च न्यायालयाने त्यात नोंदवले.

जग्गोचा आनंद करताना एक गोष्ट बघायला हवी. जवळजवळ प्रत्येक निकाल ‘पद’ या एका खुंटीवर टांगलेला आहे, आणि ती खुंटीच उपटली जात आहे. सप्टेंबर २०२३ चा बाह्यस्रोत भरतीचा शासन निर्णय ओरड झाल्यावर पुढच्याच महिन्यात रद्द करावा लागला, तो सर्वांना आठवतो. पण ११ डिसेंबर २०२० च्या शासन निर्णयाने खासगी अनुदानित शाळांतील शिपायाचे पद, सध्याचा माणूस निवृत्त झाला की संपते. त्याच्या जागी शाळेला ठोक ‘शिपाई भत्ता’ मिळतो. त्या भत्त्यावर उद्या जी बाई शाळा झाडेल, ती वीस वर्षांनी कोर्टात गेली तर कोणत्या पदावर हक्क सांगेल?