रोममधली ती रात्र आणि क्लेमेंट क्वार्टी

मुहम्मद अली कोण, हे आपल्या मोहल्ल्यांत कुणाला सांगावं लागत नाही. अकोला असो की अमरावती, ज्यानं आयुष्यात बॉक्सिंगची एकही लढत पाहिली नाही त्यालाही अलीनं व्हिएतनामच्या युद्धावर जायला नकार दिला होता, एवढं ठाऊक असतं. त्याचं ऑलिम्पिक सुवर्ण ५ सप्टेंबर १९६० चं. रोमच्या पलाझो देल्लो स्पोर्तमध्ये त्या दिवशी बॉक्सिंगच्या सगळ्या वजनगटांच्या अंतिम लढती होत्या. अली तेव्हा अली नव्हता, कॅशियस क्ले नावाचा अठरा वर्षांचा पोरगा होता.

त्याच दिवशी त्याच रिंगमध्ये क्लेमेंट आयझॅक क्वार्टी नावाचा बावीस वर्षांचा घानाचा मुक्केबाजही उतरला होता. वजनगट लाइट वेल्टरवेट, म्हणजे साडेत्रेसष्ट किलोपर्यंत. समोर चेकोस्लोव्हाकियाचा बोहुमिल नेमेचेक. लढत गुणांवर नेमेचेकनं जिंकली आणि क्वार्टीला रौप्य मिळालं. कृष्णवर्णीय आफ्रिकी खेळाडूनं मिळवलेलं हे पहिलं ऑलिम्पिक पदक.

आता कुणी म्हणेल, आफ्रिकेला त्याआधी पदकं नव्हती काय? होती की. इजिप्तनं तर १९२८ पासून सुवर्णं घेतली होती, कुस्तीत आणि वजन उचलण्यात. दक्षिण आफ्रिका त्याच्याही आधीपासून घेत होती. पण तिचा संघ फक्त गोऱ्यांचा. रोमच्या त्याच दिवशी हेवीवेटमध्ये डॅनियल बेकर या गोऱ्या दक्षिण आफ्रिकी खेळाडूलाही रौप्यच मिळालं. एका खंडाला एकाच रिंगमध्ये दोन रौप्यं! पण त्याच बेकरच्या देशात मार्चमध्ये शार्पव्हिलला पास कायद्याविरुद्ध जमलेल्या काळ्या लोकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या होत्या, ६९ माणसं मेली होती. तिथला काळा मुक्केबाज कितीही चांगला असला तरी देशाच्या संघात त्याला जागा नव्हती. दुसऱ्या दिवशी, ६ सप्टेंबरला, ४०० मीटरमध्ये आपला मिल्खा सिंग चौथा आला. तिसरा आलेला माल्कम स्पेन्स दक्षिण आफ्रिकेचाच. मिल्खाची ती हुकलेली धाव आपण साठ वर्षं सांगतो आहोत. स्पेन्स ज्या संघातून धावला त्या संघाचे दरवाजे कुणाला बंद होते, हे मात्र त्या गोष्टीत कधी येत नाही.

म्हणून क्वार्टीचं रौप्य मला नुसतं खेळातलं पदक वाटत नाही. घाना ६ मार्च १९५७ ला इंग्रजांच्या हातून सुटला आणि १ जुलै १९६० ला प्रजासत्ताक झाला. त्यानंतर दोन महिने उलटतात न उलटतात तोच हा पोरगा पदकाच्या चौथऱ्यावर. १९५२ च्या हेलसिंकीत या देशाचे खेळाडू गेले होते, पण ‘गोल्ड कोस्ट’ या गोऱ्यांनी दिलेल्या नावानं. जिथून सोनं न्यायचं तो किनारा, एवढीच त्या नावात ओळख. रोमला पहिल्यांदा ते घाना म्हणून उतरले.

गुलामीत खेळणं आणि आपल्या नावानं खेळणं यातला फरक आपल्या वऱ्हाडाला कळायला हरकत नाही. १९३६ ला बर्लिनच्या ऑलिम्पिकला अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथक गेलं होतं. वैद्य बंधूंनी १९१४ मध्ये उभी केलेली ही संस्था. त्यांनी तिथं आपले देशी खेळ दाखवले, कौतुकही मिळवलं. पण ते पथक पदकासाठी गेलं नव्हतं आणि देशाला तेव्हा स्वतःचा झेंडा नव्हता. स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक आणायला साताऱ्याकडच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांना १९५२ ची हेलसिंकी गाठावी लागली. खाशाबांच्या प्रवासासाठी राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी घर गहाण टाकलं, हे शाळकरी मुलांनाही माहीत असतं. क्वार्टी म्हणजे घानाचे खाशाबा, असं मी वर्गात सांगतो तेव्हा मुलांना लगेच समजतं.

क्वार्टी आला कुठून, तेही पाहण्यासारखं आहे. घानाची राजधानी अक्रा. तिथं समुद्राला लागून गा लोकांची जुनी, दाट वस्ती आहे आणि त्यातला बुकोम हा भाग मुक्केबाजांचा मोहल्ला म्हणून जगभर प्रसिद्ध आहे. गा लोकांत पूर्वी एका वस्तीचे गडी दुसऱ्या वस्तीच्या गड्यांशी मुठींनी झुंजायचे. ‘असाफो अत्वेले’ म्हणत त्याला. आपल्याकडं मोहरमच्या आखाड्यात लाठी आणि फरी-गदका खेळताना अमुक गल्लीचं पथक, तमुक गल्लीचं पथक अशी ईर्ष्या असते ना, तशीच काहीशी. हातमोजे आणि रिंग इंग्रजांनी आणली, झुंजायची हौस तिथलीच होती. या अक्रानं १९५१ मध्ये रॉय आंक्रा नावाचा ब्रिटिश साम्राज्याचा फेदरवेट विजेता दिला होता. त्यामुळं क्वार्टी आकाशातून पडला असं नाही.

रोमला नशिबानंही त्याला थोडा हात दिला. उपांत्य फेरीत समोर पोलंडचा मारियान कास्प्रझिक यायचा होता. त्यानं आधीच्या फेरीत १९५६ चा सुवर्णविजेता, सोव्हिएत संघाचा येंगिबारियान, याला हरवलं होतं. पण त्या झुंजीत झालेल्या जखमेमुळं तो रिंगमध्ये येऊ शकला नाही आणि क्वार्टी न लढता अंतिम फेरीत पोचला. काहींना यात पदकाची किंमत कमी झाल्यासारखी वाटते. मला नाही वाटत. १९६२ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या पर्थला राष्ट्रकुल स्पर्धा झाल्या, तिथं त्यानं त्याच वजनगटात सुवर्ण घेतलं. तिथं कुणाच्या जखमेचा प्रश्न नव्हता.

मग हे नाव विसरलं का गेलं? एक तर क्ले. दुसरं म्हणजे पाचच दिवसांनी, १० सप्टेंबरला, इथिओपियाचा अबेबे बिकिला अनवाणी पायांनी मॅरेथॉन धावला आणि सुवर्ण घेऊन गेला. जगाला आफ्रिकेची एक गोष्ट पुरेशी होती. अनवाणी माणसाची गोष्ट कुणाला आवडणार नाही? बिकिला महान होताच, पण पहिलं पदक त्याचं नव्हतं. तिसरं कारण घरातलंच. क्वार्टीचा धाकटा सावत्र भाऊ, त्याचंही नाव आईक क्वार्टी. तो व्यावसायिक बॉक्सिंगमध्ये गेला, १९९४ मध्ये वेल्टरवेटचा जगज्जेता झाला, १९९९ मध्ये ऑस्कर दे ला होयाशी लढला. आज इंटरनेटवर आईक क्वार्टी शोधा, धाकटाच पुढे येतो. थोरला हौशीच राहिला. पैशासाठी तो रिंगमध्ये उतरला नाही, म्हणून त्याच्या लढतींचे करोडोंचे आकडेही नाहीत, आणि आकडे नसले की आठवणही नसते.

व्यावसायिक रिंगची दुसरी बाजूही सांगून ठेवतो. केनियाचा रॉबर्ट वांगिला १९८८ च्या सोल ऑलिम्पिकमध्ये बॉक्सिंगचं सुवर्ण जिंकणारा पहिला कृष्णवर्णीय आफ्रिकी. क्वार्टीनंतर अठ्ठावीस वर्षांनी. तो अमेरिकेत व्यावसायिक झाला आणि जुलै १९९४ मध्ये लास व्हेगासमधल्या एका लढतीनंतर मेंदूच्या दुखापतीनं गेला. वय २६.

हे सगळं मी आपल्या लोकांसाठी लिहितो आहे त्याला एक कारण आहे. शाळेच्या मैदानावर सावळ्या पोराला चिडवताना ‘हबशी’ हा शब्द मी ऐकतो, आणि तो आपल्याच मुलांच्या तोंडून ऐकतो. घरी ऐकल्याशिवाय मुलं असे शब्द शिकत नाहीत. मुलीचं स्थळ बघताना आपण रंगाबद्दल काय बोलतो, ते त्यांच्या कानावर पडत असतं. हजरत बिलाल यांचं नाव निघालं की आपले डोळे भरून येतात. मलिक अंबर तर आपल्या महाराष्ट्राच्या मातीतच, खुलताबादला झोपला आहे. गुलाम म्हणून विकला गेलेला हा हबशी निजामशाहीचा कारभारी झाला आणि मुघलांना त्यानं वर्षानुवर्षं दमवलं. एवढा वारसा सांगणाऱ्या घरात हा शब्द शिवी कसा झाला, याचा जाब मी दुसऱ्या कुणाला विचारू?

अकोल्यात आज बॉक्सिंगचं वेड आहे. वसंत देसाई स्टेडियमकडं सकाळी हातमोजे खांद्याला लटकवून जाणाऱ्या पोरापोरींत आपल्या मोहल्ल्यातलीही आहेत. अलीचं चित्र त्यांच्या मोबाइलवर असतं. क्वार्टीचं नाव मी त्यांना उर्दूत आणि मराठीत लिहून दिलं. उर्दूत ‘क्वार्टी’ला मोठा काफ की छोटा, यावर पंधरा मिनिटं वाद झाला, आणि त्या वादात नाव पक्कं पाठ झालं. मग एकानं विचारलं, ‘सर, उसके बाद घानाको गोल्ड कब मिला?’

मिळालं नाही. १९६४ ला टोकियोत एडी ब्ले, १९७२ ला म्युनिकमध्ये प्रिन्स अमार्टी आणि पुन्हा टोकियोत, २०२१ साली, सॅम्युअल टाकी, तिघेही मुक्केबाज आणि तिघांनाही कांस्य. १९९२ मध्ये फुटबॉलचं एक कांस्य. २०२४ च्या पॅरिसहून घाना रिकाम्या हातानं परतला. पाच पदकांतलं एकमेव रौप्य अजून क्वार्टीचंच आहे.