मिशिगन विद्यापीठाचा फुटबॉल हंगाम, १९०१

अमेरिकन फुटबॉलच्या महाविद्यालयीन इतिहासातील एक अपराजित हंगाम. ॲन आर्बर येथील मिशिगन विद्यापीठाच्या संघाने २८ सप्टेंबर १९०१ ते १ जानेवारी १९०२ या काळात ११ सामने खेळून सर्व जिंकले. संघाने एकूण ५५० गुण केले आणि प्रतिस्पर्ध्यांना एकही गुण करू दिला नाही. फील्डिंग योस्ट यांचे प्रशिक्षक म्हणून मिशिगनमधील हे पहिलेच वर्ष. संघाचा कर्णधार ह्यू व्हाइट होता. लोकांच्या तोंडी राहिला तो ५५० चा आकडा. पण त्या काळचे नियम पाहिले की खरे नवल प्रतिस्पर्ध्यांच्या शून्याचे वाटते.

तेव्हाचे मैदान ११० यार्ड लांबीचे असे. टचडाउनचे ५ गुण, त्यानंतरच्या यशस्वी लाथेचा १, फील्ड गोलचे ५ आणि सेफ्टीचे २ गुण मिळत. तीन प्रयत्नांत ५ यार्ड पुढे सरकले की चेंडू त्याच संघाकडे राहत असे. चेंडू पुढे फेकून सहकाऱ्याला देण्यास १९०६ पर्यंत बंदी होती, त्यामुळे खेळाडू एकमेकांना खेटून प्रतिस्पर्ध्यांच्या फळीवर तुटून पडत. मैदानाबाहेर गेलेल्या खेळाडूला परत येता येत नसे. चढाई आणि बचाव दोन्ही त्याच अकरा जणांनी करायचे. अशा खेळात हातून निसटलेला एखादा चेंडू किंवा दुरून मारलेली एक अचूक लाथ दुबळ्या संघालाही गुण मिळवून देऊ शकत होती. अकरा सामन्यांत तसे एकदाही घडले नाही.

योस्ट यांनी याआधी ओहायो वेस्लियन, नेब्रास्का, कॅन्सस आणि स्टॅनफर्ड या संघांना प्रत्येकी एक वर्ष शिकवले होते. आपल्याच माजी विद्यार्थ्याला प्रशिक्षक नेमायचे असे स्टॅनफर्डने ठरवल्यावर ते मोकळे झाले आणि मिशिगनचे क्रीडाव्यवस्थापक चार्ल्स बेअर्ड यांनी त्यांना ॲन आर्बरला आणले. खेळाडूंच्या मागे त्यांचा सतत ‘लवकर, लवकर’ असा धोशा असे. ‘हरी अप’ हे टोपणनाव त्यांना त्यावरूनच पडले. एक चाल संपून खेळाडू ढिगाऱ्यातून उठत असतानाच क्वार्टरबॅक बॉस वीक्स पुढच्या चालीचे आकडे ओरडून सांगू लागे. प्रतिस्पर्धी जागेवर येऊन उभे राहण्याआधीच चेंडू हाफबॅक विली हेस्टनच्या हातात गेलेला असे. हा वेग म्हणजे मिशिगनचा बचावही होता. चढाई थोपवून थोपवून दमलेल्या त्याच अकरा जणांकडे चेंडू आल्यावर धावायला त्राण उरत नसे.

हंगामाची सुरुवात अल्बियनवरील ५०–० अशा विजयाने झाली. त्यानंतर केस (५७–०), इंडियाना (३३–०) आणि नॉर्थवेस्टर्न (२९–०) हे संघ हरले. बफेलोविरुद्धचा १२८–० हा निकाल सर्वांत गाजला. तरी संघाची पारख झाली ती पुढच्या दोन आठवड्यांत. पॉप वॉर्नर यांनी तयार केलेल्या कार्लाइल इंडियन स्कूलच्या संघावर २२–०, तर ओहायो स्टेटवर त्यांच्या गावी जाऊन २१–० अशी मात करता आली. शिकागो (२२–०), बेलॉइट (८९–०) आणि आयोवा (५०–०) यांच्यानंतर नियमित हंगाम संपला. वेस्टर्न कॉन्फरन्सचे विजेतेपद मात्र विस्कॉन्सिनबरोबर वाटून घ्यावे लागले. तो संघही अपराजित होता आणि दोघांची गाठ पडलीच नाही, ही या हंगामातली मोठी उणीव म्हटली पाहिजे. पूर्वेकडे हार्वर्डही अजिंक्य राहिले. मागाहून राष्ट्रीय विजेते ठरवणाऱ्यांपैकी काहींनी मिशिगनला, तर काहींनी हार्वर्डला मान दिला.

कॅलिफोर्नियातील पासाडेना येथे नववर्षदिनी गुलाबांचा उत्सव भरत असे. गर्दी वाढावी म्हणून आयोजकांनी १ जानेवारी १९०२ रोजी पूर्व विरुद्ध पश्चिम असा सामना ठेवला. मिशिगनसमोर उभे राहिले स्टॅनफर्ड, म्हणजे योस्ट यांचे आदल्याच वर्षीचे शिष्य. कडाक्याच्या थंडीतून आलेल्या मिशिगनच्या खेळाडूंना तिथल्या उन्हात खेळावे लागले. सुरुवातीला स्टॅनफर्डने चिवट झुंज देत बराच वेळ त्यांना गुण करू दिले नाहीत. उत्तरार्धात मात्र फळी कोसळली. फुलबॅक नील स्नोने एकट्याने पाच टचडाउन केले. ४९–० अशी स्थिती असताना, आठ मिनिटे शिल्लक राहिली तेव्हा, स्टॅनफर्डच्या कर्णधाराने खेळ थांबवण्याची विनंती केली आणि ती मान्य झाली. मिशिगनने त्या दिवशी एकही बदली खेळाडू उतरवला नव्हता. पुढे ‘रोझ बोल’ म्हणून नावारूपाला आलेल्या परंपरेतला हा पहिला सामना. तो इतका एकतर्फी ठरला की आयोजकांनी फुटबॉल सोडून रथांच्या शर्यती सुरू केल्या. पासाडेनाच्या उत्सवात फुटबॉल परतला तो १९१६ मध्ये.

मिनिटाला एक गुण करणारे, अशी ख्याती मिळालेल्या योस्ट यांच्या संघांनी १९०१ ते १९०५ या पाच हंगामांत २,८२१ गुण केले आणि ४२ दिले. १९०२ मध्ये तर त्यांनी ६४४ गुण करून आधीच्या वर्षालाही मागे टाकले; पण केस आणि मिनेसोटा यांनी त्यांच्याविरुद्ध प्रत्येकी ६ गुण मिळवले. त्यानंतरच्या तिन्ही हंगामांतही शून्य राखता आले नाही. १९०३ मधील मिनेसोटाविरुद्धची ६–६ अशी बरोबरी धरून ५६ सामने अपराजित राहिलेला मिशिगनचा संघ अखेर ३० नोव्हेंबर १९०५ रोजी शिकागोकडून २–० असा हरला. ते दोन गुण सेफ्टीचे होते.